जोडीचा ड्रम

दुसरा ड्रम मिळाल्याची बातमी आमच्या घरी आली, तेव्हा काशादादाचा तेरावाही उलटून गेला होता. बातमी घेऊन कासमभाई स्वतः आले. मुंबईत जुन्या मोटारींच्या सुट्या भागांचं त्यांचं दुकान आहे. एवढ्या उतारवयात विरारला उतरून, बस पकडून, अर्नाळ्याच्या वाळूतून खांद्यावर गोणपाटात बांधलेलं ओझं वाहत ते आमच्या दारापर्यंत आले आणि ओसरीची पायरी चढायच्या आधीच त्यांनी आनंदाने हाक दिली, "काशिनाथ! अरे बाहेर ये, तुझी जोडी मिळाली!" मी शाळेला निघण्याच्या गडबडीत होते. आई भिंतीला टेकून बसली होती, तीच म्हणाली, "काशा वारला, बाबा. बस. पानी घे." कासमभाई बसले. मग त्यांनी सुतळी सोडली, गोणपाट उघडलं, आतला लोखंडी ड्रम एका बोटावर टांगला आणि दुसऱ्या हाताच्या बोटाने त्यावर टिचकी मारली. देवळातल्या लहान घंटेसारखा स्वच्छ आवाज घरभर झाला आणि बराच वेळ राहिला... "ऐकलंत ना? खोटा माल नाही आणला मी," एवढं बोलून त्यांनी टोपी डोळ्यांवर ओढली. त्या दिवशी मी शाळेत गेले नाही.

काशिनाथ माझा थोरला भाऊ. वर्तमानपत्राच्या पुरवणीत ज्यांच्यावर लेख येतात त्या माणसांपैकी तो नव्हता. त्याने पुस्तक लिहिलं नाही, तुरुंग भोगला नाही, सभेत भाषण केलं नाही. विरार ते अर्नाळा या रस्त्यावर ज्यांचं जाणं-येणं आहे त्यांना तो 'काळ्या मोटारीवाला' म्हणून ठाऊक असेल. दुसऱ्या महायुद्धाच्या आधीची ती अमेरिकन मोटार, तिचं टपावरचं कापड उडालेलं, मागच्या बाकाला कायमचा बांगडा मासळीचा वास. आमच्या गावात ती एकच मोटार. विरारला मासळीच्या पाट्या घेऊन जाणाऱ्या बाया तिच्यात बसत, आगाशीच्या डॉक्टरांकडे आजारी माणसं तिच्यातून जात, सासरी निघालेल्या मुली तिच्यातच पहिलं रडून घेत. एवढंच त्याचं आयुष्य. पण ते ज्या रीतीने संपलं ती कुणालातरी सांगितल्याशिवाय माझ्या छातीवरचा दगड हलणार नाही, म्हणून हे लिहिते आहे. हलेल असंही वाटत नाही.

दादाला समुद्र लागायचा. कोळ्याच्या पोटी जन्मलेल्या मुलाला समुद्र लागावा, याहून मोठी थट्टा आमच्या गावाला माहीत नव्हती. होडी खाडीतून बाहेर पडून पहिल्या लाटेवर चढली की तो ओकून ओकून पिवळा पडायचा. बाबा तांडेल होते, होडीचे कप्तान, बाकीचे खलाशी त्यांच्यापुढे हसत नसत, पण पाठ वळली की सुरू. "तांडेलाचा पोर जाल्यात नाय, बालदीत तोंड घालतो," असं बायासुद्धा म्हणायच्या. बाबा तापाने गेले तेव्हा दादा मुंबईत लष्कराच्या मोटारी दुरुस्त करण्याच्या कामावर होता. लढाई संपली, काम संपलं, आणि तो घरी येऊन आईला म्हणाला की होडी विकू आणि मोटार घेऊ. आई दोन दिवस जेवली नाही. तिसऱ्या दिवशी तिने होकार दिला, पण एक अट घातली. "होडी दिलीस तर दे. पन मग तुजी गाडी हीच आपल्या घराची होडी. होडीचं समदं तिला करायचं. नारली पुनवेला तिचं पाय दर्याच्या पान्यात धुवायचं." मोटार मिळते आहे या आनंदात दादा हो म्हणून बसला. तेव्हा त्याला कुठे माहीत होतं...

ज्यांनी आमच्याकडची नारळी पौर्णिमा पाहिली नाही त्यांच्यासाठी सांगते. पावसाळाभर होड्या किनाऱ्यावर ओढून, ओंडक्यांवर चढवून, माडाच्या झावळ्यांनी शाकारून ठेवतात. पुनवेला त्यांना हळद-कुंकू लागतं, दर्याला नारळ जातो आणि मग होडी पाण्यात उतरते. त्या रांगेत आमची काळी मोटार उभी राहायची. तिच्या नाकावर कुंकवाचा पट्टा, दिव्यांना झेंडूच्या माळा. गाव टाळ्या पिटून हसायचं आणि हसता हसता दुसऱ्या वर्षापासून हातही जोडायला लागलं. बँजो वाजायचा, आणि दादा मोटार हळूहळू उतारावरून पुढे नेत नेत पुढची दोन्ही चाकं फेसात बुडेपर्यंत उभी करायचा. आई गुडघाभर पाण्यात जाऊन तांब्याने त्या चाकांवर दर्याचं पाणी घालायची. उजव्या चाकावर, डाव्या चाकावर, पुन्हा उजव्या. तिचा चेहरा तेव्हा असा असायचा की तिला कोणी नाही म्हणूच शकलं नसतं. दादाने तर कधीच म्हटलं नाही.

आणि सणाचा नारळीभात पोटात जिरायच्या आत तो मोटारीखाली शिरायचा. पुढची चाकं उतरवायची, ब्रेकचे ड्रम काढायचे, विहिरीच्या गोड्या पाण्याने धुवायचे, उन्हात वाळवायचे, आतून पॉलिशकागदाने घासायचे. ब्रेकचा ड्रम म्हणजे काय हे मला त्यानेच शिकवलं. चाकाच्या आत टोपासारखा एक जाड लोखंडी ड्रम असतो, तो चाकाबरोबर फिरतो. पायाने ब्रेक दाबला की आतले दोन बांगडीच्या तुकड्यांसारखे भाग फाकतात आणि ड्रमला आतून घट्ट धरतात. त्या भागांवरची धरणारी कातडी झिजते, ती बदलता येते. पण ड्रमच आतून गंजून खडबडीत झाला, तर तो लेथवर घालून गुळगुळीत करावा लागतो, आणि प्रत्येक वेळी थोडा पातळ होतो. "थांबताना सगळं वजन पुढं येतं, बाय," तो म्हणायचा, "मागची चाकं नुसती सोबतीला. गाडी थांबवतात ती पुढचीच." आणि पुढच्याच चाकांना आमची आई दरवर्षी खारं पाणी पाजत होती. मी एकदा चिडून म्हटलं, सांगून टाक ना तिला. तो ड्रम घासत होता, मान वर न करता म्हणाला, "बाबांची होडी इकली मी. पान्याचा एक तांब्या तरी राहू दे तिच्याकडं."

जोडीचा हट्ट त्याला गंगूमावशीमुळे लागला. पहिल्या काही वर्षांतली गोष्ट. डावा ड्रम फारच खराब झाला म्हणून त्याने तेवढाच बदलला, उजवा चालेल म्हणून तसाच ठेवला. आगाशीच्या तळ्यापाशी एक म्हैस आडवी आली, दादाने ब्रेक दाबला. नव्या ड्रमने चाक धरलं, जुन्याने धरलं नाही, आणि मोटार गर्रकन डावीकडे ओढली जाऊन बांधावर चढली. पुढच्या बाकावर आमच्या शेजारची गंगूमावशी होती, पापलेटांच्या पाटीसकट ती बाहेर फेकली गेली. हात मोडला. वैदूने बांधला तो वाकडाच बसला. मावशीने त्याला कधी बोल लावला नाही, उलट "माजा हात म्हंजे काशाच्या इंजिनाचा वाकडा दांडा" असं म्हणत ती पुढच्याच बाकावर बसत राहिली. पण दादाच्या जिवाला ते लागलं. त्यानंतर कधीही त्याने पुढच्या चाकाची एकच बाजू बदलली नाही. दोन्ही ड्रम एकाच मापाचे, एकाच जाडीचे, एकाच वयाचे. नाहीतर मोटार घरी. आमच्या घरात भांडणाचा विषय निघाला की तो हाच असायचा.

त्याचं लग्न झालं नाही. होडीवर न जाणाऱ्याला आमच्याकडे मुलगी कोण देणार, आणि बाहेरची आणायची त्याची हिंमत नव्हती. मी ट्रेनिंग कॉलेज करून आगाशीच्या शाळेत लागले, माझंही लग्न राहिलं ते राहिलंच. गाव म्हणायचं, त्या घरात दोन ओंडके आणि एक म्हातारी. पण आमचं बरं चाललं होतं, खरंच बरं चाललं होतं. त्याने मला मोटार शिकवली. ओहोटीला अर्नाळ्याची वाळू फरशीसारखी घट्ट होते, तिथे. मला वाटलं होतं पहिल्या दिवशी तो मोटार कशी सुरू करायची ते सांगेल. त्याने आठवडाभर मला फक्त थांबायला शिकवलं. तो स्वतः मोटार चालू करून द्यायचा, मी नुसतं बाजूला बसून, पाय त्याच्या बाजूला लांबवून, त्याने सांगितल्यावर ब्रेक दाबायचा. "जोरात नाय. पानी ओततात तसा दाब. आता सोड. परत." मी कंटाळून म्हटलं, आयुष्यभर थांबतच राहू का? तो हसून म्हणाला, "चालवायला कोनीपन शिकतं." वाळूवर बायामाणसांची जत्रा जमायची. मास्तरीण मोटार हाकते म्हणून शाळेच्या कमिटीपर्यंत तक्रार गेली होती, ती दादाने त्या कमिटीच्या अध्यक्षांना फुकटात वसईला नेऊन मिटवली. मला मोटार चालवता येते, हे वाचकांनी ध्यानात ठेवावं. मला ते विसरता येत नाही.

यंदा वैशाखात विरारच्या लेथवाल्याने हात टेकले. ड्रम आता आणखी कापले तर कागद होतील, म्हणाला. डाव्या ड्रमला तर केसाएवढी चीर गेली होती. दादाने तिच्यावर रॉकेल सोडून, पुसून, खडू फासून मला ती चीर दाखवली. खडूवर काळी रेघ उमटली. नवे ड्रम हवेत, पण एवढ्या जुन्या मोटारीचे ते कुठून आणायचे? परदेशी माल येणं जवळजवळ थांबलेलं. तेव्हा सुट्टीत मी आणि तो कासमभाईंच्या दुकानात गेलो. दुकान कसलं, लोखंडाची गुहाच. दादा जमिनीवर बसला आणि एकेक ड्रम बोटावर टांगून टिचकी मारत गेला. आई बाजारात मडकं घेताना वाजवून बघते, अगदी तसंच. बद्द आवाज आला की बाजूला. आवाज चांगला आला की आत हात घालून नखाने कड चाचपायची, झिजून पायरी पडली आहे का ते बघायला. दुपार टळली. शेवटी एक ड्रम मिळाला, आपल्याच गाडीचा, जवळजवळ नवा. पण एकच. त्याच्या जोडीचा काही सापडेना. कासमभाईंनी मग दुसऱ्याच एका मोटारीची जोडी पुढे केली. भोकं थोडी मोठी करून, आत पातळ पत्रा घालून बसेल, म्हणाले. सगळे तसंच करतात.

मी म्हटलं, घे. दुकानाच्या पायरीवर उभी राहून मी त्याला म्हटलं, "दादा, पावसाळा तोंडावर आहे. गावात दुसरी गाडी नाही. कुणाला काही झालं तर?" तो ती दुसरी जोडी हातात घेऊन उभा होता. त्याने ती परत एकदा वाजवली. "पत्रा घालून बसवलेलं चाक मी तुला चालवाया देईन?" तो म्हणाला. "आनि तुला नाय देनार तर गंगूमावशीला कसा बसवू?" कासमभाई हसले, म्हणाले, ठेव विश्वास, महिन्या-दोन महिन्यांत जोडी शोधून देतो. दादाने तो एकटा ड्रम तेवढा घेतला. घरी आल्यावर त्याने त्या ड्रमला ग्रीस फासलं, जुन्या धोतरात गुंडाळला आणि आपल्या खाटेखाली ठेवला. मग मोटारीची पुढची चाकं काढून तिला ओंडक्यांवर चढवलं आणि वर माडाच्या झावळ्या शाकारल्या. किनाऱ्यावरच्या होड्यांसारखीच ती दिसायला लागली. त्या सबंध पावसाळ्यात तो गावातल्या लोकांची बोलणी खात राहिला. गंगूमावशीसुद्धा म्हणाली, "अरे, चाल की तशीच, माजा दुसरा हात हाय अजून." तो हसायचा. सकाळी उठला की खाटेखालून ड्रम काढायचा, पुसायचा, परत ठेवायचा. कासमभाईंकडून काही निरोप आला का, हे मला शाळेतून आल्या आल्या विचारायचा.

पुनवेच्या दोन दिवस आधीपासून त्याच्या पोटात दुखत होतं. अपचन असेल म्हणून तो ओव्याचं पाणी पीत राहिला, आम्हाला त्याने सांगितलंच नाही. त्याला दुसरीच चिंता होती. यंदा मोटार दर्यावर जाणार नव्हती. आईने आदल्या दिवशी म्हटलं होतं, "चाकं लाव नि ढकलत ने. पोरं ढकलतील." तो म्हणाला, "आये, ब्रेक नाय. उतारावरनं सुटली तर मानसांत घुसंल." आईने तांब्या घासायला घेतला. पुनवेच्या सकाळी सगळं गाव किनाऱ्यावर, बँजोचा आवाज घरापर्यंत येतोय, आणि आमची मोटार मागच्या परसात ओंडक्यांवर. आई एकटीच तांब्या घेऊन किनाऱ्यावर गेली. मी आत नारळीभात करत होते. भांडं पडल्याचा आवाज आला म्हणून बाहेर आले, तर दादा मोटारीच्या पायरीला धरून वाकला होता. चेहरा बाबांच्या होडीवर व्हायचा तसा पिवळा. त्याला हात लावला तर अंग भाजत होतं, आणि पोट दगडासारखं घट्ट. त्याला धरून मी ओसरीवर आणून निजवलं.

बस नुकतीच गेली होती, पुढची संध्याकाळची. गावातला बाप्या माणूस घरात शोधून सापडत नव्हता. मी परत परसात धावले. मला वाटलं... काय वाटलं कोण जाणे, मी झावळ्या ओढून काढल्या आणि मोटारीकडे बघत उभी राहिले. पुढची दोन्ही चाकं भिंतीला टेकवलेली. चाकं बसतात ते उघडे दांडे फडक्यांनी बांधलेले. चीर गेलेला ड्रम कोपऱ्यात पडला होता. ओसरीवर येऊन मी त्याला म्हटलं, "मी ते जुने ड्रमच लावते. हळू नेते. तू सांग कसं लावायचं ते." तो ओसरीवर आडवा होऊन कण्हत होता, तरी त्याने मान हलवली. "नको, बाय. रस्ता मानसांनी भरलेला असंल आज." मी ओरडले, तू मरशील! "तरी नको," एवढंच म्हणाला. मी किंचाळत किनाऱ्याकडे पळाले. शेवटी वाडीतल्या एकाची बैलगाडी मिळाली. तिच्यात पेंढा टाकून, वर गोधडी टाकून आम्ही त्याला झोपवलं. आई उशाशी, मी पायाशी.

आगाशीच्या डॉक्टरांनी पोटावर हात ठेवला आणि लगेच काढला. "आतलं आतडं फुटलंय. मुंबईला न्या. ताबडतोब. मोटार कुठाय तुमची?" त्यांनी सुई टोचली आणि आम्ही पुढे निघालो. बैलांना काय माहीत ताबडतोब म्हणजे काय. दोन्ही बाजूंना केळीच्या बागा, पाणी साचलेली खाचरं, आणि सणाला निघालेली नटलेली माणसं बैलगाडीकडे बघून बाजूला होत होती. दादाने डोळे मिटून घेतले होते. पण त्या रस्त्याचं एकेक वळण त्याच्या अंगात होतं. गाडी तळ्यापाशी आली, त्याचा उजवा पाय हळूच पुढे सरकला आणि त्याने बैलगाडीच्या फळीला तळवा दाबला. वळण गेल्यावर सोडला. पुढे मोरीपाशी उतार आहे, तिथे परत दाबला. मी त्याच्या पायाशी बसले होते, मला ते सगळं दिसत होतं. पाणी ओततात तसा तो दाबत होता... सावकाश, सोडून, परत. कोणी मधे आलं असेल का त्याच्या डोळ्यांपुढे? मी त्याचा पाय दोन्ही हातांनी धरला. बोळिंजच्या अलीकडे एक बैल अडून उभा राहिला. पुन्हा गाडी सुरू झाली, बोळिंजचं मोठं वळण आलं, आणि माझ्या हातातल्या पायाने काहीच केलं नाही. मी वळण संपेपर्यंत वाट पाहिली. पुढच्या वळणापर्यंतही पाहिली. मग मी आईकडे वर बघितलं. तिला कळलेलं होतं.

माणसं समजूत घालतात. म्हणतात, मोटार असती तरी मुंबईपर्यंत टिकला नसता. म्हणतात, एवढंच आयुष्य होतं. डॉक्टर मात्र असं म्हणत नाहीत. मला आता कोणाचंच ऐकायचं नाही. कासमभाईंच्या पायरीवर मी त्याला 'घे' म्हणाले होते आणि मी बरोबर होते. बरोबर असण्याचा एवढा तिटकारा मला आयुष्यात कधी आला नव्हता. पत्रा घातलेले ते ड्रम बसवले असते तर अर्ध्या तासात आम्ही विरारला पोचलो असतो. किंवा त्या गर्दीत कुणाच्या अंगावर मोटार गेली असती आणि तो तसाही जगला नसता. रात्रंदिवस मी दोन रस्ते डोक्यात चालत असते, एक बैलगाडीचा, एक मोटारीचा. दोन्हींच्या शेवटी तो मरतो. फक्त एकावर मी मोटार चालवत असते. निदान काहीतरी करत असते.

आणि आईचं वेगळंच. तिच्या मनाला काडीचाही संशय नाही. यंदा मोटारीचे पाय धुतले नाहीत, होडी म्हणून मान दिला नाही, म्हणून दर्याने घरचा माणूस नेला. येणाऱ्या-जाणाऱ्या बायांना ती हेच सांगते आणि बाया माना डोलावतात. गंगूमावशीही डोलावते. एकदा मी आतून ऐकत होते. मला ओरडून सांगावंसं वाटलं, अगं, धुतले नाहीत म्हणून नाही, धुतलेस म्हणून! दरवर्षी तू त्या चाकांवर जे ओतलंस त्यानेच ते लोखंड खाल्लं! ते गंजलं नसतं तर पातळ झालं नसतं, पातळ झालं नसतं तर चिरलं नसतं, चिरलं नसतं तर तुझा लेक... मी उठून दारापर्यंत आलेही होते. आई बोलता बोलता तळहात उघडून दाखवत होती, त्या हातांनी तांब्या कसा धरायची ते. मला दादाचं बोलणं आठवलं, ड्रम घासताना मान वर न करता बोललेलं. एवढी वर्षं जे त्याने गिळलं, ते मी एका दुपारी ओकून टाकू? मी परत आत गेले. त्याला समुद्र लागायचा, पण हे त्याने पोटात ठेवलं होतं.

कासमभाई दुसरा ड्रम ठेवून गेले. पैसे घ्यायला तयार झाले नाहीत. मी तो पहिल्याच्या शेजारी, त्याच धोतरात गुंडाळून खाटेखाली ठेवला. एकाच मापाचे, एकाच जाडीचे, एकाच वयाचे. जोडी झाली. बसवणारा नाही. मला मोटार चालवता येते, ड्रम बसवता येत नाहीत, आणि आता कुठे जायचं आहे?

परवा शाळेतून आले तर घरात आई नव्हती. परसात गेले. ओंडक्यांवरच्या मोटारीपुढे ती फतकल मारून बसली होती. दोन्ही ड्रम तिने खाटेखालून ओढून बाहेर आणले होते, ग्रीस राखेने घासून काढलं होतं, त्यांना हळद-कुंकू लावलं होतं, आणि शेजारी दर्याच्या पाण्याने भरलेली घागर होती. एवढी घागर या वयात तिने किनाऱ्यावरून कशी आणली देव जाणे. ती तांब्याने पाणी घालत होती. उजव्यावर, डाव्यावर, पुन्हा उजव्यावर. आदल्या दिवशीही तिने घातलं असणार, कारण आतल्या बाजूला तांबूस डाग दिसायला लागले होते. माझी चाहूल लागून तिने वर पाहिलं. कितीतरी दिवसांनी तिचा चेहरा निवळलेला होता. "यंदाचं रायलं होतं," ती म्हणाली. "आता धुतलं. आता रोज धुवीन. आता या घरातल्या कोनाला काय नाय व्हायचं, बाय. तुला नाय व्हायचं."

मी म्हटलं, "हो, आये."

दादाचं तेलाचं फडकं अजून परसातल्या खिळ्याला आहे. ते घेऊन मी तिच्यासमोर बसले. तिचं धुऊन झालं की मी पुसायला घेतलं. त्या दिवसापासून तेच चाललं आहे, रोज मी शाळेतून आल्यावर. ती धुते, मी पुसते. गोडं पाणी मी घालत नाही, तिच्या लक्षात येईल. नुसत्या तेलाने खारं पाणी हटत नाही, हे मला दादाने शिकवलं होतं, पण मी पुसते. बोटावर टांगून टिचकी मारली तर अजून दोघांचा आवाज चांगला येतो. एकाला जास्त, एकाला कमी असं होऊ नये म्हणून मी दोन्हींना सारखाच वेळ देते. दोन्ही सारखेच गंजत आहेत.